पडतो कोण, हसतो कोण?

बारामती-इंदापूर भागातल्या भीमजयंतीत आता डीजेबरोबर कुठे कुठे विनोदी प्रहसनंही होतात. चांगलंच आहे. पण त्यात मार खाणारं पात्र कोण? दारू पिऊन गटारात पडणारा, म्हणजे आपल्याच वस्तीतला माणूस. नाहीतर साडी नेसलेला पोरगा बायको होतो आणि लाटणं फिरतं.

‘जयंतीला पोरं हसली तर बिघडलं काय?’ असं मंडळवाले विचारतात. हसण्याला आमचा विरोध नाही. धडपडण्याचा विनोद हलका असतो, हेही आम्ही मानत नाही. ज्यांनी तमाशातल्या सोंगाड्याला हलका ठरवलं, तेच महार-मांग कलावंतांच्या फडासमोर रात्रभर बसत होते. आमचा प्रश्न वेगळा आहे: मोडतं काय आणि कुणाचं?

इटलीतले सुरुवातीचे विनोदी मूकपट बघा. १९०९ मध्ये तुरिनच्या ‘इताला’ कंपनीने आंद्रे डीड हा फ्रेंच नट आणला. तो ‘क्रेतिनेत्ती’ म्हणून गाजला. फेर्दिनांदो गिलोम तर सर्कशीच्या घराण्यातला. आधी ‘तोंतोलिनी’, मग ‘पोलिदोर’. काही मिनिटांच्या या फितींमध्ये फुटतात त्या बऱ्याचदा शिष्ट लोकांच्या बैठका, कपाटं, चिनी मातीची भांडी.

त्यातली १९१३ ची एक फीत प्रत्येक कार्यकर्त्याने बघावी. लेआ जुंकी या नटीची, लोकरीच्या गुंड्याची. मुलगी पुस्तक वाचत असते. आईबापांना ते खपत नाही. विणकाम कर म्हणतात. गुंडा सापडत नाही, म्हणून तो शोधता शोधता ती अख्खं घर उलथंपालथं करते. भाषण नाही, घोषणा नाही. ती आज्ञा पाळते आहे, आणि त्यातच घर मोडतं! फुले दांपत्याच्या पुण्यात ही गोष्ट कुणाला समजावून सांगावी लागेल काय?

आपल्याकडे भीमराव कर्डकांच्या आंबेडकरी जलशाने हेच हत्यार वापरलं. तमाशाचा बाज घेतला, गण-गौळण बाजूला सारली आणि फार्सात भटजी-सावकाराची फजिती केली. खेड्यातली माणसं हसता हसता बाबासाहेबांचा विचार घरी नेत होती. आज त्याच चळवळीच्या मंचावर आपण आपल्याच दारुड्याला पाडतो, हे आम्हाला खुपतं.

मंडळांनी मार्चमध्ये तालीम धरताना एवढंच करून बघावं. दहावीची पोरगी अभ्यासाला बसली आहे. बाप म्हणतो, पुस्तक ठेव, आधी तांदूळ निवड. आणि सूप काही केल्या सापडत नाही.