तिच्या नावावरचे घर

यंदाच्या अंकातला विशेष विभाग स्त्रियांच्या परस्परप्रेमाविषयी आहे. सणासुदीला हा विषय कशाला, असे कुणी विचारील. पण पाडव्याला नवऱ्याची ओवाळणी, भाऊबीजेला भावाची, असे दिवाळीचे दिवसही स्त्रीला पुरुषाशी असलेल्या नात्यानेच ओळखतात. जिला दुसऱ्या स्त्रीबरोबर संसार करायचा आहे, तिला या मांडणीत जागाच नाही. आमचे म्हणणे एवढेच, की तिची अडचण ही स्त्रीवादाच्या मुळाशी असलेलीच अडचण आहे. पुरुषाच्या आधाराविना स्त्रीला मानाने जगता येते का, याचे उत्तर तिच्या आयुष्यात सर्वांत स्पष्ट दिसते.

याचे एक जुने उदाहरण पाहा. दक्षिण चीनमधल्या शुंदे परिसरात एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात रेशमाच्या गिरण्या निघाल्या आणि मुलींच्या हाती रोख मजुरी आली. त्यांतल्या अनेकींनी विवाहितेसारखा अंबाडा घालून, देवासमोर शपथ घेऊन लग्न नाकारले. अविवाहित मुलीने माहेरी प्राण सोडणे अशुभ मानले जाई, म्हणून त्यांनी वर्गणी काढून म्हातारपणासाठी एकत्र घरे उभारली. काहींची आपसातली नाती प्रेमाची होती. 1930च्या दशकात रेशीमबाजार कोसळला, तेव्हा यांतल्या कितीतरी जणी हाँगकाँग-सिंगापूरला घरकामाला गेल्या. सुरिनामच्या पारामारिबो शहरातही कष्टकरी आफ्रिकी वंशाच्या स्त्रियांमध्ये अशी नाती पिढ्यान्‌पिढ्या चालत आल्याचे ग्लोरिया वेकर यांच्या संशोधनात दिसते. तिथेही बाई आपल्या कमाईवर घर चालवते.

शुंदेतल्या साऱ्याजणी लेस्बियन नव्हत्या, हा आक्षेप रास्त आहे. कित्येकींना केवळ सासरचा जाच आणि बाळंतपणे टाळायची होती. मात्र लग्नाला नकार देण्याची सोय झाली, तेव्हाच प्रेमालाही वाव मिळाला. दोन्हींची वाट एकच होती. हे सारे पाश्चात्त्य खूळ आहे, हा दुसरा आक्षेप मात्र टिकत नाही. शुंदेच्या गिरणी-कामगारणींना ते कुणी पश्चिमेहून येऊन शिकवले नव्हते. आपल्याकडेही स्त्रीच्या स्त्रीविषयीच्या ओढीवरची इस्मत चुगताईंची कथा ‘लिहाफ’ 1942ची आहे आणि याच विषयावरचे विजय तेंडुलकरांचे नाटक ‘मित्राची गोष्ट’ 1981मध्ये मराठी रंगभूमीवर आले. उलट खुद्द पश्चिमेतल्या स्त्रीचळवळीलाच हा विषय नकोसा होता. अमेरिकेतल्या स्त्रीवादी नेत्या बेटी फ्रीडन यांना लेस्बियन कार्यकर्त्या चळवळीला धोका वाटत. त्याच फ्रीडन यांनी 1977मध्ये ह्यूस्टनच्या महिला परिषदेत त्यांच्या हक्कांच्या ठरावाला पाठिंबा दिला. 1995मध्ये बीजिंगच्या जागतिक महिला परिषदेत हा मुद्दा मांडणारी पॅलेसा बेव्हर्ली डिट्सी दक्षिण आफ्रिकेची होती. तरीही अंतिम मसुद्यात लैंगिक कलाचा उल्लेख राहिला नाही.

आधी हुंडा, हिंसा, मजुरी. हे नंतर पाहू, असे आपल्याकडचे काही पुरोगामीही म्हणतात. पण हे प्रश्न वेगळे काढता येत नाहीत. 1980च्या दशकाच्या अखेरीस मध्य प्रदेशात दोन महिला पोलिसांनी एकमेकींशी विवाह केला आणि त्यांची नोकरी गेली. घाव बसला तो मिळकतीवरच. कमाई असली की सारे सुटते असे नाही, हेही त्याच घटनेने दाखवले; कमाईला कायद्याचे संरक्षण लागते. 2018मध्ये भारतीय दंड संहितेच्या कलम 377मधून प्रौढांचे संमतीचे समलिंगी संबंध वगळले गेले. 2023मध्ये सर्वोच्च न्यायालयाने समलिंगी विवाहाचा प्रश्न संसदेवर सोपवला. 2024मध्ये केंद्राने अशा जोडीदारांना संयुक्त बँक खाते उघडता येते, असे स्पष्ट केले. तरी मृत्युपत्र नसेल तर वीस वर्षे सोबत राहिलेली जोडीदार आजही वारस ठरत नाही. घर दुरावलेल्या नातलगांकडे जाते.

म्हणून प्रेमाला मान्यता द्या, एवढे म्हणून भागणार नाही. मुलीच्या नावावर घर, तिच्या हाती तिचा पगार आणि वारस निवडण्याचा तिचा अधिकार या जुन्याच मागण्या आहेत. त्या पुऱ्या झाल्या, तर नवऱ्याने टाकलेली, विधवा, लग्नच न केलेली अशा सगळ्याजणींचे जगणे सोपे होईल. या विभागातले लेख याच कसोटीवर वाचावेत आणि पटले नाही तर आमच्याशी जरूर भांडावे.