चित्रफीत लहान, मूळ प्रत सुरक्षित



चातुर्मासात अमरावती-अकोल्याच्या घराघरांत प्रवचनांचे चित्रण मोबाईलवर साठत जाते आणि मोबाईल भरला, की जुन्या चित्रफिती पुसल्या जातात. वास्तविक पुसण्याची गरज नसते. त्यांचा आकार घटविता येतो.

हिशेब सोपा आहे. सेकंदाला ८ मेगाबिट या बिटरेटने केलेले तासाभराचे चित्रण ३.६ जीबी जागा व्यापते. २ मेगाबिटने तेच ९०० एमबीत मावते. तरीही डोळ्यांना फरक सहसा जाणवत नाही. पासबुकात आरंभीची शिल्लक लिहून पुढे केवळ व्यवहार नोंदवितात. तसेच येथे एखादे चित्र पूर्ण जतन होते आणि पुढच्या चित्रांत मुख्यतः झालेला बदल. म्हणूनच स्थिर कॅमेऱ्याने टिपलेले प्रवचन पुष्कळ लहान होते. मुक्तागिरीचा पावसाळी धबधबा मात्र क्षणोक्षणी बदलतो. त्याला अधिक जागा द्यावीच लागते.

यासाठी दोन्ही चित्रफितींना एकच बिटरेट लावू नये, दर्जा ठरवावा. संगणकावरील ‘हँडब्रेक’ हे सॉफ्टवेअर विनामूल्य आहे. त्यात एच.२६४ निवडून ‘कॉन्स्टंट क्वालिटी’चा आकडा २० ते २३ ठेवावा. आकडा वाढला, की फाईल लहान होते आणि बारकावे पुसट होतात. आधी एका मिनिटाचा तुकडा करून मोठ्या पडद्यावर पाहावा. एच.२६५ने आकार आणखी घटतो. पण जुन्या टीव्हीवर ती फाईल चालेलच असे नाही. आवाजात काटकसर करू नये. सेकंदाला १२८ किलोबिटने तासाभराचा आवाज जेमतेम ५८ एमबी होतो आणि प्रवचनाचे सार तर आवाजातच असते. व्हॉट्सॲपवर पाठविताना फाईल ‘डॉक्युमेंट’ म्हणून पाठवावी, अन्यथा तेथे ती पुन्हा आक्रसते.

लहान प्रतीतून गेलेला तपशील परत मिळत नाही, हे मात्र विसरू नये. धवला टीकेसह षट्खंडागमाचा पहिला खंड डॉ. हिरालाल जैन यांच्या संपादनाखाली १९३९ मध्ये अमरावतीहून प्रसिद्ध झाला. त्या संपादनाला आधार हस्तलिखित नकलांचा होता. पुढे कर्नाटकातील मूडबिद्रीच्या ताडपत्रांशी पाठ ताडून पाहता आले, ते ताडपत्रे जपली गेली म्हणूनच.

दीक्षाविधीचे किंवा आजोबांच्या क्षमापनेच्या शब्दांचे चित्रण पुन्हा होत नाही. अशा चित्रफितींची मूळ प्रत दोन स्वतंत्र हार्ड डिस्कवर ठेवावी, दोन्हींवर ती नीट उघडते याची खात्री करावी आणि मगच मोबाईल रिकामा करावा. वाटण्यासाठी लहान प्रत पुरेशी आहे.