गुलामी कोणत्या कायद्याने संपली?

स्पर्धा परीक्षेची तयारी करणाऱ्या आपल्या मुलांना एक ओळ पाठ असते : १८४३ च्या पाचव्या कायद्याने हिंदुस्थानातील गुलामगिरी बंद झाली. ओळ पाठ केली की एक गुण मिळतो आणि विषय संपतो. आमचा प्रश्न मात्र तिथूनच सुरू होतो. १८४३ साली गुलामी संपली असेल, तर त्यानंतरची शंभर वर्षे मुळशी तालुक्यातील माणपासून मराठवाड्यातील शेवटच्या खेड्यापर्यंत महाराला रात्री-अपरात्री चावडीवर बोलावून राबवले जात होते, त्याला काय म्हणायचे? सेवा? परंपरा? की बलुतेदारीची गोड व्यवस्था?

हा प्रश्न जुनी मढी उकरण्याचा नाही. नोव्हेंबर २०२५ मध्ये पुण्यातील मुंढव्याच्या सुमारे चाळीस एकर महार वतनाच्या जमिनीचा व्यवहार राज्यभर गाजला. तीनशे कोटींचा व्यवहार आणि मुद्रांक शुल्क पाचशे रुपये, हे आकडे सर्वांनी वाचले. गवगवा झाल्यावर व्यवहार रद्द करण्याची घोषणाही झाली. वाहिन्यांवर चर्चा रंगली ती कोणत्या नेत्याचा कोण, याची. परंतु ही जमीन 'महार वतन' का म्हणवते, ती कोणत्या श्रमाच्या बदल्यात मिळाली होती आणि ज्यांच्या वाडवडिलांनी ते श्रम केले ते आज कुठे आहेत, हे विचारायला कोणालाच सवड नव्हती. इतिहास ठाऊक नसला की लूटसुद्धा केवळ कागदोपत्री अनियमितता वाटते.

आधी १८४३ चा कायदा काय होता ते पाहू. त्यात अवघी चार कलमे होती. सरकारी अधिकाऱ्याने थकबाकीपोटी माणूस विकू नये. माणसावरच्या मालकीचा दावा न्यायालयाने मानू नये. कोणी गुलाम आहे म्हणून त्याची कमाई हिरावून घेऊ नये. आणि स्वतंत्र माणसाविरुद्ध जो गुन्हा, तो गुलामाविरुद्धही गुन्हाच समजावा. बस्स! गुलाम बाळगणे हा गुन्हा आहे, असे त्यात कुठेही म्हटले नव्हते. गुलामांची खरेदी-विक्री हा दंडनीय गुन्हा ठरला तो १८६० च्या भारतीय दंड संहितेने, आणि ती अमलात आली १ जानेवारी १८६२ रोजी. म्हणजे कंपनी सरकारने गुलामी मोडली नाही, गुलामीकडे पाहणे तेवढे बंद केले.

हे अनवधानाने झाले नाही. ब्रिटिश पार्लमेंटने १८३३ मध्ये वसाहतींतील गुलामी बंद करणारा कायदा केला, तेव्हा ईस्ट इंडिया कंपनीचा मुलूख त्यातून वगळला. त्याच कायद्याने मालकांना दोन कोटी पौंड नुकसानभरपाई मिळाली, राबणाऱ्या गुलामाला दमडी मिळाली नाही. हिंदुस्थानात तर एवढेही करायचे नव्हते. इथली गुलामी 'घरगुती' आहे, 'सौम्य' आहे, असा निर्वाळा गोऱ्या अधिकाऱ्यांनीच दिला होता. पेशवाई बुडाल्यावर या मुलखाचा कारभार पाहणाऱ्या माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टनने आपल्या हिंदुस्थानच्या इतिहासात हाच सूर लावला आहे. साहेबाला ही माहिती कोणी दिली? ज्यांच्या घरात कुणबिणी राबत होत्या, त्याच कारभारी वर्गाने! मालकाला विचारून गुलामाचे सुख मोजण्याची ही पद्धत पुढे बऱ्याच इतिहासकारांनी जशीच्या तशी उचलली.

आता पुराव्याकडे वळू. पेशवे दफ्तर पुण्यातच आहे. अठराव्या शतकातील कुणबिणी आणि बटकी त्या कागदांतून जागोजागी भेटतात. त्यांची वये, किमती, कोणाला बक्षीस दिली, कोण पळाली आणि कोणाला धरून आणली, सारे नोंदलेले आहे. बदकर्माचा ठपका ठेवून सरकारनेच बायकांना गुलाम केल्याची आणि कोठीत, किल्ल्यावर कामाला जुंपल्याची प्रकरणे आहेत. त्यांच्या पोटच्या मुलांना 'लेकावळे' असे वेगळे नाव होते. हिरोशी फुकाझावा, सुमित गुहा, उमा चक्रवर्ती अशा अभ्यासकांनी अठराव्या शतकातील सक्तीचे श्रम, जात आणि स्त्रियांची गुलामी यांवर प्रकाश टाकला. 'सौम्य गुलामी'च्या कथेला त्यातून जबर धक्का बसला. पण या कागदांत कुणबिणीचा स्वतःचा शब्द क्वचितच सापडतो. लिहिणारा कारकून मालकाचा, भाषा मालकाची. म्हणून असा कागद वाचताना तो कोणी आणि कशासाठी लिहिला, हे आधी विचारावे लागते.

आणि इथेच एक मोठी फसगत होते. दफ्तरातील 'गुलाम' या सदरात महार फारसे दिसत नाहीत. घरात पाणी भरणारी, भांडी घासणारी कुणबीण विटाळ न होणाऱ्या जातीची हवी, हा मालकांचा दंडक होता. मग महार गुलाम नव्हता काय? तो दुसऱ्या सदरात आहे, वेठबेगारीच्या! लाकूडफाटा, गवत वाहणे, ओझी पोचवणे, निरोप नेणे, वाटाड्या होणे, मेलेली जनावरे ओढणे ही कामे गावोगाव त्याच्याकडून घेतली जात. त्याला विकत घ्यायची गरजच नव्हती. तो जन्मतःच गावाला बांधलेला होता. ज्याची खरेदी नाही त्याचे खरेदीखत नाही, आणि खरेदीखत नाही म्हणून इतिहासकाराच्या लेखी गुलामीही नाही. अस्पृश्यतेने आपल्याला मालकाच्या घराबाहेर ठेवले आणि गुलामीच्या इतिहासाबाहेरही!

इंग्रजांच्या राज्यात ही विसंगती किती उघडी होती, ते नाशिकला पाहावे. ब्रिटिश आरमाराने समुद्रावर गुलामांची जहाजे पकडून सोडवलेली आफ्रिकन मुले नाशिकच्या शरणपूर येथील मिशनच्या आश्रमात वाढली, शिकली. त्यांच्यापैकी जेकब वेनराइट १८७४ मध्ये डॉ. लिव्हिंग्स्टनच्या शवपेटीसोबत लंडनपर्यंत गेला. त्या मुलांची सुटका झाली याचा आम्हांला आनंदच आहे. परंतु जे सरकार समुद्रावर गुलाम सोडवत होते, तेच सरकार त्याच १८७४ साली मुंबई इलाख्यात वंशपरंपरागत वतनांचा कायदा करत होते. त्या कायद्याने महाराची गावकी सरकारी शिक्क्याने पक्की केली. समुद्रावर मुक्ती आणि चावडीवर सक्ती, असा तो न्याय होता.

ही गोम सर्वप्रथम ओळखली क्रांतिबा जोतीराव फुल्यांनी. १८७३ च्या 'गुलामगिरी' ग्रंथाची अर्पणपत्रिका त्यांनी निग्रो गुलामांना मुक्त करणाऱ्या अमेरिकेतील सज्जनांना उद्देशून लिहिली. कायद्याने गुलामी 'संपल्याला' तेव्हा तीस वर्षे झाली होती, तरी त्यांनी ग्रंथाला तेच नाव दिले. बाबासाहेबांनी पुढे रोमन आणि अमेरिकन गुलामीचे दाखले तपासून अस्पृश्यतेशी तुलना केली. गुलाम ही मालकाची मत्ता असल्याने मालक निदान त्याच्या जिवाची काळजी घेतो. अस्पृश्याचे श्रम सर्वांना हवेत, जबाबदारी कोणाचीच नाही. शिवाय गुलामी बंधन म्हणून दिसते, अस्पृश्यता धर्म म्हणून मिरवते. अमेरिकेत समाजशास्त्रज्ञ ऑर्लँडो पॅटरसन यांनी १९८२ मध्ये गुलामीची व्याख्या मालमत्तेवरून न करता माणसाच्या 'सामाजिक मरणा'वरून केली. बाबासाहेबांचे विवेचन त्याच्या कितीतरी आधीचे आहे. आपल्या विद्यापीठांनी ते गुलामीच्या इतिहासाचे साधन म्हणून शिकवले काय?

यावर काही विद्वान म्हणतात, महार हा वतनदार होता, त्याला इनाम जमीन होती, गावच्या शिवेच्या तंट्यात त्याचा शब्द प्रमाण होता. मग तो गुलाम कसा? आक्षेप झटकून टाकण्याजोगा नाही. आपल्याही काही वडीलधाऱ्यांना हाडकी-हाडोळ्याचा अभिमान होता आणि वतन सोडायला ते तयार नव्हते. पण त्या वतनाचा हिशेब बाबासाहेबांनीच मांडला आहे. १९ मार्च १९२८ रोजी त्यांनी मुंबई कायदे कौन्सिलात वतन कायद्याच्या दुरुस्तीचे विधेयक आणले. वतनदार महार चोवीस तास सरकारचा नोकर, तो नसेल तर घरातील बाप किंवा भाऊ हजर हवा, आणि मोबदला काय? पिढ्यान्‌पिढ्या वाटण्या होऊन उरलेला जमिनीचा तुकडा, गावकऱ्यांच्या मर्जीवरचे बलुते आणि नाममात्र रोकड. ज्याला काम सोडायचे आहे त्याला पूर्ण सारा भरून जमीन ठेवू द्या, ही त्यांची मागणी होती. कौन्सिलात विरोध झाला आणि विधेयक मागे घ्यावे लागले. डिसेंबर १९३९ मध्ये श्रीरामपूरजवळच्या हरेगावला वतनदार महार, मांग, वेठियांची परिषद बाबासाहेबांच्या अध्यक्षतेखाली भरली. 'वेठिया' हा शब्द परिषदेच्या नावातच आहे. १८४३ साली सुटलेली माणसे १९३९ साली अशी परिषद कशाला भरवतील?

वेठबिगारीवर राज्यघटनेच्या कलम २३ ने बंदी आली. कनिष्ठ गाववतने नष्ट करणारा मुंबई राज्याचा कायदा १९५८ चा. आमच्या मते महाराष्ट्रातील गुलामीच्या अंताची चर्चा या दोन टप्प्यांवरून व्हायला हवी. पण त्या कायद्यातही मेख होती. वतन गेले आणि जमीन सरकारजमा झाली. ठरलेली रक्कम मुदतीत भरणाऱ्या वतनदाराला ती परत मिळाली, तीही नव्या अविभाज्य शर्तीवर, म्हणजे जिल्हाधिकाऱ्याच्या परवानगीशिवाय विकता येणार नाही अशी. ज्याच्याकडे रक्कम नव्हती किंवा ज्याला नोटीसच समजली नाही, तो बापजाद्यांच्या जमिनीवर बेकायदा ठरला. इंग्लंडमध्ये भरपाई मालकाला मिळाली होती. इथे पिढ्यांचे श्रम दिलेल्यालाच जमिनीसाठी पैसे मोजावे लागले.

आता माणकडे पाहा. राजीव गांधी आयटी पार्कचा तिसरा टप्पा माणच्या हद्दीत आहे. हिंजवडी-शिवाजीनगर मेट्रोचा डेपोही माणलाच. जिथे पूर्वी भाताची खाचरे होती, तिथे काचेचे मनोरे उभे आहेत. जमिनीला सोन्याचा भाव आला की पहिला डोळा जातो तो ज्यांचे कागद कच्चे आहेत त्यांच्या जमिनीवर. अडाणी वारसाचा अंगठा, परस्पर कुलमुखत्यारपत्र आणि मग फेरफार, ही वाट पुणे जिल्ह्यात कोणाला नवी आहे? मुंढव्याचा गाजावाजा तरी झाला. खेड्यातील गुंठ्यागुंठ्याचा कोण करणार?

म्हणून इतिहास लिहिण्याचे काम केवळ प्राध्यापकांवर सोपवून भागणार नाही. अमेरिकेत १९३६ ते १९३८ या काळात सरकारी योजनेतून २,३०० हून अधिक वृद्ध माजी गुलामांच्या आठवणी लिहून घेतल्या गेल्या. त्यामुळे तिथल्या इतिहासाला गुलामाचा आवाज मिळाला. लंडनच्या युनिव्हर्सिटी कॉलेजच्या संशोधकांनी १८३३ च्या भरपाईचे कागद उलगडून पैसा कोणत्या घराण्यांत आणि कोणत्या धंद्यांत गेला, हे नावानिशी जगासमोर ठेवले. आपल्याकडे या दोन्ही वाटा मोकळ्या आहेत. गावकी केलेली पिढी आता नव्वदीच्या पुढे आहे. ती गेली की तो आवाज कायमचा गेला. आणि कागद तहसिलात आहेत. गाव नमुना एक-क मधील वतन जमिनींची यादी, जुने सातबारा, 'इनाम वर्ग ६ ब' ही नोंद आणि १९५८ नंतरचे फेरफार एकापुढे एक लावले, तर जमीन कोणाकडून कोणाकडे गेली याचा माग काढता येतो. माणमधील शिकलेल्या तरुणांनी पौडच्या तहसील कार्यालयात अर्ज करून नकला काढाव्यात, वडीलधाऱ्यांसमोर त्या वाचाव्यात आणि ते सांगतील ते लिहून ठेवावे. असे शंभर गावांनी केले तर महाराष्ट्रातील गुलामीचा खरा इतिहास उभा राहील, आणि वारसांच्या हाती लढायला पुरावाही येईल.

हे काम तातडीचे आहे, कारण गुलामी नाव बदलून परत येते. वेठबिगारी निर्मूलनाचा केंद्रीय कायदा १९७६ चा. तरी २०२२ साली इगतपुरी तालुक्यातील कातकरी मुले काही हजार रुपये आणि एखाद्या मेंढीच्या बदल्यात मेंढ्या राखायला दिल्याचे उघड झाले. त्यातील एका चिमुरडीचा जीव गेला, तेव्हा कुठे यंत्रणा हलली. खरेदीखत तिथेही नव्हते. जो समाज गुलामीला फक्त साखळदंडावरून ओळखतो, त्याला ती समोर असूनही दिसत नाही. बाबासाहेबांनी आपल्याला ती ओळखायला शिकवले आहे. आता तिचा हिशेब लिहिणे आपल्या पिढीकडे आले आहे.