मंडळीतली अभिनेत्री

१९८५ च्या मार्चमध्ये ‘अ पॅसेज टू इंडिया’ या चित्रपटातील मिसेस मूरच्या भूमिकेबद्दल पेगी ॲशक्रॉफ्ट यांना साहाय्यक अभिनेत्रीचे ऑस्कर पारितोषिक मिळाले, तेव्हा त्यांचे वय ७७ वर्षांचे होते. आणि ज्यांनी त्यांना प्रथम त्या चित्रपटातच पाहिले, त्यांपैकी अनेकांची अशी समजूत होऊन बसली की, हयातभर दुर्लक्षित राहिलेल्या एका वृद्ध नटीच्या पदरात नियतीने अखेर न्याय घातला. ही समजूत मला मुळीच मान्य नाही. पारितोषिकाच्या वेळी या बाईंच्या कारकिर्दीला जवळजवळ सहा दशके होत आली होती, आणि इंग्लंडच्या रंगभूमीवर त्यांचा अधिकार केव्हाच निर्विवाद झाला होता. सिनेमाच्या दप्तरी मात्र त्यांची नोंद उशिरा झाली, इतकेच.

२२ डिसेंबर १९०७ रोजी लंडनजवळच्या क्रॉयडन येथे त्यांचा जन्म झाला. वडील जमीनजुमल्याची व्यवस्था पाहणारे मुखत्यार. ते पहिल्या महायुद्धात कामी आले. आईला नाटकाची हौस होती आणि एल्सी फोगर्टी या विख्यात वाणी-शिक्षिकेकडे तिने काही धडेही घेतले होते. पुढे त्याच फोगर्टीबाईंच्या विद्यालयात पेगी दाखल झाल्या. शब्दाचा उच्चार, श्वासाचा आवाका आणि पद्याची लय यांवर तेथे जो कटाक्ष होता, त्याचे संस्कार त्यांच्या वाणीवर अखेरपर्यंत राहिले.

१९३० साली लंडनच्या सॅव्हॉय नाट्यगृहात पॉल रोबसन यांच्या ऑथेल्लोसमोर त्या डेस्डिमोना म्हणून उभ्या राहिल्या. कृष्णवर्णीय नटाने गौरवर्णीय नटीचे रंगमंचावर चुंबन घ्यावे, ही गोष्ट तेव्हाच्या लंडनमधील कित्येकांना असह्य वाटली. बाईंच्या नावे निंदेची पत्रे आली. आणि जे नाटक वर्णद्वेषाने घडवलेल्या अनर्थाचे दर्शन घडवते, त्याच नाटकाच्या प्रयोगाबाहेर तोच द्वेष जिवंत असल्याचा दाखला बावीस वर्षांच्या या तरुणीला मिळाला. सामाजिक अन्यायाबद्दलची त्यांची पुढील आयुष्यातील उघड कळकळ मी या प्रसंगापासून मोजतो.

तथापि, त्यांच्या कर्तृत्वाचे मर्म मला एका वेगळ्याच निष्ठेत दिसते. १९३५ साली जॉन गिलगुड यांनी ‘रोमिओ अँड ज्युलिएट’ बसवले, त्यात गिलगुड आणि लॉरेन्स ऑलिव्हिए हे रोमिओ व मर्क्युशिओ यांची अदलाबदल करीत असत, आणि ज्युलिएट मात्र एकच होती, ती ॲशक्रॉफ्टबाईंची. त्यानंतर १९३७-३८ च्या हंगामात गिलगुड यांनी कायमस्वरूपी नटसंच उभारून शेक्सपिअर, शेरिडन आणि चेखॉव्ह यांची नाटके एकामागून एक केली, तेव्हा त्या त्यात होत्या. आणि १९६० च्या सुमारास पीटर हॉल यांनी स्ट्रॅटफर्डला रॉयल शेक्सपिअर कंपनीची घडण आरंभली, तेव्हा मान्यता आणि मागणी दोन्ही असतानाही, दीर्घ मुदतीच्या कराराने त्या मंडळीशी स्वतःला बांधून घेणाऱ्या पहिल्या काही कलावंतांत त्यांचे नाव होते. आपले नाव ठळक अक्षरांत झळकावे यापेक्षा एका संचाबरोबर वर्षानुवर्षे तालीम करता यावी, ही आकांक्षा ज्या नटीची असते, तिला सिनेमा उशिरा सापडणे स्वाभाविकच होय.

या निवडीचे सर्वोत्तम फळ १९६३ साली दिसले. जॉन बार्टन यांनी ‘सहावा हेन्री’च्या तीन भागांचा संक्षेप करून ‘तिसरा रिचर्ड’ त्यास जोडला आणि ‘द वॉर्स ऑफ द रोझेस’ हा महाप्रयोग सिद्ध केला. त्यात ॲशक्रॉफ्टबाईंनी राणी मार्गारेट साकारली. फ्रान्सहून आलेली कोवळी नववधू, मग सैन्याच्या अग्रभागी निर्दयपणे उभी राहिलेली राज्ञी, आणि शेवटी सर्वस्व गमावून शत्रूंना शाप देत फिरणारी वृद्धा, हा एका स्त्रीचा अख्खा जीवनपट त्यांनी वयाच्या पंचावन्नाव्या वर्षी सलग उभा केला. इतका दीर्घ आलेख एकाच नटीला आखू देणे, हे स्थायी मंडळीवाचून घडत नाही.

चित्रपटात त्या मुळीच नव्हत्या असेही नव्हे. हिचकॉक यांच्या १९३५ च्या ‘द थर्टीनाइन स्टेप्स’मध्ये, संशयी नवऱ्याच्या धाकात दिवस कंठणारी आणि पळून जाणाऱ्या नायकाला नवऱ्याचाच कोट देऊन टाकणारी स्कॉटिश शेतकऱ्याची बायको त्यांनी काही मिनिटांत अविस्मरणीय केली. नंतर १९८४ साली दोन भूमिका आल्या, दोन्ही ब्रिटिश अमदानीतील हिंदुस्थानाच्या. ‘अ पॅसेज टू इंडिया’त मशिदीत डॉ. अझीझ बूट काढले नाहीत असे समजून रागावतो, आणि मिसेस मूरने ते आधीच काढून ठेवलेले असतात; त्या प्रसंगातील त्यांचा संयत, अकृत्रिम आदर पाहण्यासारखा आहे. मला मात्र त्याहून थोर वाटते ती ‘द ज्युएल इन द क्राउन’ या दूरचित्रवाणी मालिकेतील बार्बी बॅचलर, ही सेवानिवृत्त मिशनरी शिक्षिका. आयुष्यभर बोलत राहिलेली, आश्रयदात्या मैत्रिणीच्या मृत्यूनंतर घरातून काढलेली ही एकाकी बाई अखेर मूक होते; आणि जिची सारी विद्या वाणीची, त्या अभिनेत्रीने तिचे मौन असे पेलले आहे की शब्दांची उणीव भासत नाही.

१४ जून १९९१ रोजी त्या वारल्या. त्यांचे रंगभूमीवरील काम कायमचे लोपले असे कोणी समजू नये. ‘द वॉर्स ऑफ द रोझेस’ १९६५ साली बीबीसीने प्रक्षेपित केले आणि त्याचे चित्रण टिकून आहे. ज्यांनी केवळ मिसेस मूर पाहिली असेल, त्यांनी आता मार्गारेट पाहावी.

— प्रेक्षक