न ऐकू येणारी टकटक

एक मुलगी. तिचा प्रियकर परदेशी गेलेला, तीन वर्षं पत्ता नाही. ती मेरीमातेच्या तसबिरीपुढे बसून मागते, त्याला परत आण, नाहीतर मला तरी ने. तेवढ्यात खिडकीवर टकटक होते. तो येतो खरा, पण मेलेला! तिला मध्यरात्री मैलोन् मैल चालवत स्मशानात नेतो. ती शवघरात लपते, तर तिथे फळीवर एक मढं. बाहेरून हा दार बडवून मढ्याला सांगतोय, ऊठ, दार उघड. मढं उठणार एवढ्यात कोंबडा आरवतो.

ही कारेल यारोमीर एर्बेन या चेक कवीच्या १८५३ सालच्या संग्रहातली कथाकविता, नाव 'लग्नाचे सदरे'. १९२५ मध्ये थेओडोर पिश्त्येकने तिच्यावर मूकपट काढला. (याच नावाच्या त्याच्या मुलाला पुढे 'अमादेउस'च्या कपड्यांसाठी ऑस्कर मिळालं. घराण्यातच कापडाचा गुण असावा!)

आता गंमत बघा. टकटक, हाका, कोंबडा... सगळी भीती कानातून शिरणारी. एर्बेनच्या दुसऱ्या एका कवितेत आई रडणाऱ्या पोराला दुपारच्या चेटकिणीचं भय घालते आणि ती खरंच येते. तिथेही शेवट बाराच्या घंटेवर. ड्वोरझाकने दोन्हींना संगीत दिलं, ते उगाच नाही. मग अशा गोष्टीचा मूकपट म्हणजे शुद्ध वेडेपणाच की!

मला उलट वाटतं. कवितेत ऐकू येतं, दिसत नाही. मूकपटात दिसतं, ऐकू येत नाही. दोन्हीकडे अर्धं काम आपल्या डोक्याला करावं लागतं, आणि आपलं डोकं फार वाईट गोष्टी जोडतं. मुलगी दचकून दाराकडे बघते. तिने काय ऐकलं ते आपल्याला कळत नाही, आणि तिला सावध करायची काही सोयही नाही. २००० साली ब्राबेत्सने एर्बेनच्या सात कवितांवर बोलपट केला. चित्रीकरण खल्लास! पण डोळ्यांना आणि कानांना सगळंच वाढून ठेवलेलं, त्यामुळे भीती काही वाटली नाही बुवा.

म्हणून जुन्या मूकपटांना नव्याने दाराची करकर आणि पावलांचे आवाज चिकटवणाऱ्यांचा मला राग येतो. संगीत हवंच, तेव्हाही थेटरात पियानो नाहीतर वाद्यवृंद असायचाच. पण टकटक होते त्या क्षणी वादकाने हात उचलून घ्यावेत, आणि कोंबडा आरवेपर्यंत परत ठेवू नयेत.