पूल बांधा, पण शिल्लक ठेवा

घरातील मूल मोबाइल घेऊन बसले की वडीलधाऱ्यांचा पहिला प्रश्न असतो, ‘किती वेळ झाला?’ प्रश्न रास्त आहे. परंतु ‘काय खेळतो आहेस?’ हा त्याच्या जोडीचा प्रश्न मात्र क्वचितच विचारला जातो. वेळ मोजणे सोपे असते. खेळ समजून घेण्यासाठी थोडे शेजारी बसावे लागते. पेढीवर आलेला माल आपण केवळ वजनावर स्वीकारत नाही, त्याची प्रतही पारखून घेतो. मुलांच्या खेळांनाही तीच पारख लावावी, या हेतूने या वेळी एका खेळाचा थोडा तपशिलात परिचय करून देत आहोत.

खेळाचे नाव ‘वर्ल्ड ऑफ गू’. हे नाव उच्चारताच मराठी घरातील मुले खुदकन हसतात आणि आजी कानावर हात ठेवते. मूळ इंग्रजी शब्दाचा अर्थ मात्र एवढाच, की चिकट, लिबलिबीत पदार्थ. अमेरिकेतील कायल गॅबलर आणि रॉन कार्मेल या दोघा तरुणांनी एका मोठ्या खेळ-कंपनीतील नोकरी सोडून ‘टू-डी बॉय’ नावाची छोटी संस्था काढली आणि ऑक्टोबर २००८ मध्ये हा खेळ बाजारात आणला. त्याचे बीज २००५ मधले. कार्नेगी मेलन विद्यापीठात शिकत असताना गॅबलर आणि त्याच्या सहाध्यायांनी स्वतःला एक अट घातली होती, की प्रत्येक खेळ एकट्याने आणि सात दिवसांच्या आत तयार करायचा. त्या उपक्रमातून ‘टॉवर ऑफ गू’ हा छोटासा खेळ जन्मला. चिकट गोळ्यांचा जितका उंच जमेल तितका मनोरा रचायचा, एवढीच त्याची कल्पना. तीच पुढे विस्तारून पूर्ण खेळ झाला. नंतर तो मोबाइलवर आला आणि २०२४ मध्ये त्याचा दुसरा भागही प्रसिद्ध झाला.

खेळाची रीत साधी आहे. पडद्यावर डोळे मिचकावणारे, चिवचिवणारे काळे गोळे असतात. एखादा गोळा उचलून दुसऱ्या गोळ्यांजवळ नेला की त्यांच्यात लवचिक तंतू निर्माण होतात आणि तो सांगाड्याचा भाग बनतो. असे गोळ्याला गोळा जोडत मनोरा किंवा पूल रचायचा आणि दूरवर असलेल्या नळीच्या तोंडापर्यंत न्यायचा. सांगाडा तिथे पोहोचला की मोकळे राहिलेले गोळे त्यावरून सरपटत जातात आणि नळीत ओढले जातात. प्रत्येक पातळीवर, म्हणजे मुलांच्या भाषेत ‘लेव्हल’वर, किती गोळे पोहोचलेच पाहिजेत याचा आकडा ठरलेला असतो. ‘गोइंग अप’ या पहिल्या पातळीवर तो अवघा ४ आहे; पुढे वाढत जातो.

खेळाचा खरा पेच इथेच आहे. ज्या गोळ्यांनी पूल बांधायचा, तेच गोळे पलीकडे पोहोचवायचे असतात. काळा गोळा एकदा बांधकामात गुंतला की परत सुटत नाही. समजा २० गोळे मिळाले आणि १० पोहोचवायचे आहेत, तर बांधकामाला १० पेक्षा एकही अधिक वापरता येणार नाही. घाबरून भक्कम पूल बांधला तर तो उभा राहतो, पण त्यावरून न्यायला काही उरत नाही. हात आखडून बांधला तर शिल्लक पुष्कळ राहते, पण पूल अर्ध्यावर कोसळतो. भांडवलाचा किती भाग दुकानाच्या उभारणीत घालायचा आणि किती मालासाठी हाती ठेवायचा, हा हिशेब ज्यांनी आयुष्यभर केला त्यांना हा पेच नवा वाटणार नाही. बारा वर्षांच्या मुलाला मात्र तो इथे प्रथमच भेटतो, आणि कोणी उपदेश न करता भेटतो.

पातळी सोडवायची तर दोन-तीन गोष्टी ध्यानी याव्याच लागतात. पहिली गोष्ट त्रिकोणाची. चार गोळ्यांचा चौकोन रचला की तो एका बाजूला कलतो, कारण चारही बाजूंची लांबी तीच राहूनही चौकोनाचा आकार बदलू शकतो. त्रिकोणाचे तसे नाही. तीन बाजू ठरल्या की आकार ठरला. गोदामाच्या पत्र्याखालच्या लोखंडी कैच्या पाहा, त्या सगळ्या त्रिकोणांच्या बनलेल्या असतात. दुकानातील लोखंडी मांडणीला मागून तिरक्या पट्ट्यांची फुली मारलेली असते, तीही याचसाठी. मुले हे भूमितीच्या पुस्तकात वाचतात, पण चौकोनी मनोरा डोळ्यांदेखत मान टाकतो तेव्हा ते त्यांना पटते.

दुसरी गोष्ट पायाची. मनोऱ्याच्या गुरुत्वमध्यातून सोडलेला ओळंबा जोवर पायाच्या आत पडतो, तोवर मनोरा उभा. अरुंद पायावर उंच चढलेला मनोरा थोडा झुकला तरी ओळंबा पायाबाहेर जातो आणि मग त्याला सावरणे कठीण होते. खेळात कोवळ्या वयाची मुले हमखास उंचीच्या मागे लागतात. दोन-चार वेळा सारे आडवे झाल्यावर पायाकडे वळतात.

तिसरी गोष्ट पुलाची, आणि ती सर्वांत मनोरंजक. ‘स्मॉल डिव्हाइड’ या पातळीवर एका कड्यावरून समोरच्या कड्याकडे खड्डा ओलांडायचा असतो. पलीकडे आधार नसताना अधांतरी पूल वाढवत न्यायचा. इथे तरफेचा नियम लागू होतो, म्हणजे तेच वजन दुप्पट अंतरावर दुप्पट ओढा देते. एकेक हात अंतरावर एकेक गोळा जोडला तर तीन गोळ्यांच्या पुलाचा मुळाशी येणारा ओढा १ + २ + ३ म्हणजे ६ होतो. सहा गोळ्यांच्या पुलाचा मात्र १ + २ + ३ + ४ + ५ + ६ म्हणजे २१. लांबी दुप्पट झाली, ओढा साडेतीनपट झाला. व्याजावर व्याज चढत जाते तसाच हा प्रकार. आरंभी जाणवत नाही आणि शेवटी एका गोळ्याने सारे खाली येते. यावर उपाय दोन. पूल मुळाशी जाड आणि टोकाशी बारीक ठेवायचा, आणि मागच्या बाजूला काही गोळे जोडून तराजूच्या दुसऱ्या पारड्यासारखा तोल धरायचा. पण मागे ठेवलेले गोळे पलीकडे पोहोचणार नाहीत, हेही मोजायचे.

पुढे गोळ्यांचे नवे प्रकार येतात. हिरवे गोळे जोडल्यावर पुन्हा सोडवता येतात. मागचा भाग उकलून पुढे लावता येतो, जणू फिरते भांडवल. फुग्यांचे गोळे सांगाड्याला वर ओढून धरतात. ‘फिस्टीज बॉग’ या पातळीवर दलदलीत खाली काटे आहेत आणि डोक्यावरही काटे आहेत. फुगे कमी पडले तर पूल खालच्या काट्यांवर बसतो, जास्त झाले तर वरच्या काट्यांत जातो. पूल जसजसा पुढे सरकतो तसतसे फुगे हलवत न्यावे लागतात. आधार नुसता असून भागत नाही, तो योग्य जागी आणि बेताचा हवा, हे मुलांना इथे उमगते.

हा खेळ विनोदी आहे, हे सांगायचे राहिले. गोळे चिरक्या आवाजात कुरकुरतात. कोणी एक न दिसणारा पाट्या रंगवणारा प्रत्येक वळणावर खोचक पाटी लावून गेलेला असतो. त्या पाटीतच कधी पुढची युक्तीही दडलेली असते. नळीत गेलेले गोळे एका बड्या कंपनीच्या कारखान्यात पोहोचतात आणि त्यांची पेये व प्रसाधने बनतात; बाजारातील जाहिरातबाजीची ती मस्त थट्टा आहे. या विनोदाचा एक उपयोगही आहे. आपण रचलेला मनोरा कोसळतो तेव्हा मूल रडत नाही, हसते, आणि हसून झाल्यावर पुन्हा रचू लागते. अपयशाची लाज गेली की त्याच्याकडे नीट पाहता येते.

आमच्या परिचयाच्या एका धान्याच्या व्यापाऱ्याच्या घरी हा खेळ पोहोचला. नात एका पातळीवर दोन दिवस अडकली होती. ‘आजोबा, पूल परत पडला,’ ती म्हणाली. आजोबांना खेळातले काही कळत नव्हते. त्यांनी एवढेच विचारले, ‘कुठून पडला, ते पाहिलंस का?’ तिने पाहिले नव्हते. ती दर वेळी टोकाकडे पाहत होती. पुढच्या खेपेला तिने मुळाकडे पाहिले, तर पहिलाच जोड ताणून लांब होताना दिसला. तेवढ्यात थोरल्या भावाला तिची दया आली आणि त्याने इंटरनेटवरील तयार उत्तराची चित्रफीत तिच्यापुढे धरली. तिने पाहून तसेच गोळे लावले, पातळी सुटली. पुढच्या पातळीवर ती पुन्हा अडकली, आणि आता तिने विचार न करता भावालाच हाक मारली. आजोबांनी भावाला बाजूला घेऊन सांगितले, ‘अरे, तू तिला पूल दिलास, पण तो कसा पडतो हे तिला कळू द्यायचं होतं.’

या साध्या बोलण्यात व्यापारी कुटुंबांची एक जुनी व्यथा आहे. पहिल्या पिढीने डोक्यावरून ओझी वाहून दुकान उभे केले, दुसरीने ते वाढवले, आणि तिसरीच्या हाती गादी येते तेव्हा अनेकदा तिने एकही सौदा स्वतःच्या अंदाजाने केलेला नसतो. ‘आम्ही जे सोसले ते मुलांना नको,’ या मायेपोटी आपण त्यांच्यापुढे प्रत्येक प्रश्नाबरोबर उत्तरही ठेवतो. शाळेचा प्रकल्प आई करते, कारखान्यातील चूक मुनीमजी निस्तरतात, ग्राहकाची तक्रार काका मिटवतात. मग चाळिशीत पहिला फटका बसतो, तेव्हा तो सोसण्याचा सराव नसतो. त्या वेळी पैसा तर जातोच, पतही जाते, आणि कधी कधी भाऊबंदकीत घरही दुभंगते. पडण्याचा सराव लहानपणीच, स्वस्तात झालेला बरा. खेळातील पूल शंभर वेळा पडला तरी कोणाचे देणे थकत नाही.

अर्थात खेळाच्या मर्यादा ओळखूनच हे म्हणायचे. या खेळात काही पांढऱ्या माश्या उडत असतात. त्यांतील एकीला स्पर्श केला की शेवटची चाल मागे घेता येते. व्यवहारात तशी माशी भेटत नाही. दिलेला शब्द मागे घेता येत नाही. शिवाय खेळ कितीही चांगला असला तरी तो जेवणाच्या ताटाशी, अभ्यासाच्या वेळी किंवा झोपेच्या आड येता कामा नये. वेळेचे बंधन हवेच. पण त्या बंधनाच्या आत तो अर्धा तास कसा जातो, हे आपल्या हाती आहे.

यासाठी पालकांनी तीन गोष्टी कराव्यात. पातळी सुरू होताच मुलाला गोळे उचलू न देता विचारावे, ‘किती मिळाले, किती पोहोचवायचे, खर्चायला किती उरले?’ रचना कोसळली की पुन्हा सुरू करण्यापूर्वी विचारावे, ‘आधी काय सुटले?’ आणि नव्या खेपेला एकाच वेळी दहा गोष्टी न बदलता एकच बदलायला सांगावी, म्हणजे कशाने फरक पडला ते समजते. पातळी सुटल्यावर तीच पुन्हा कमी गोळ्यांत सोडवून पाहावी. रचणाऱ्यांनीच बहुतेक पातळ्यांना अशी एक ऐच्छिक, अवघड कसोटी ठेवली आहे; कुठे अधिक गोळे वाचवायचे, कुठे कमी चालींत आटोपायचे, कुठे वेळ साधायची. पहिल्या सुटकेत नशिबाचा वाटा असू शकतो. दुसऱ्या वेळी मुलाला खरोखर काय समजले ते दिसते.

ठरलेल्या आकड्यापेक्षा अधिक पोहोचवलेले गोळे या खेळात वाया जात नाहीत. ते एका वेगळ्या मैदानात जमा होतात आणि त्यांतून खेळणाऱ्याला स्वतःचा मनोरा हवा तितका उंच रचता येतो. आकाशात तरंगणाऱ्या ढगांवर जगभरातील इतर खेळाडूंच्या मनोऱ्यांची उंची दिसते. त्या ढगांकडे पाहून मुलाला घाई सुटेल, तेव्हा शेजारी बसून एवढेच विचारावे, ‘पाया किती रुंद घेतलास?’