अवमानाचा अर्ज म्हणजे नेमणुकीचा हुकूम नव्हे



मागच्या बैठकीला एका पाड्यावरचा पोरगा कागदांची पिशवी घेऊन आला. बारावी पास. एका सरकारी खात्याच्या भरतीत आदिवासींच्या राखीव जागांच्या निवड यादीत त्याचं नाव होतं, पण नेमणूक मिळाली नाही. हायकोर्टात गेला, निकाल बाजूने लागला. पाड्यावर गूळ वाटला. आठ आठवडे गेले तरी साहेब हलेना, म्हणून कोर्टाच्या अवमानाचा अर्ज केला. पुढच्या तारखेला खात्याने एक कागद हजर केला : ‘दाव्याचा विचार केला, दावा मान्य करता येत नाही.’ अवमानाचा अर्ज तिथंच निकाली निघाला. पोरगा विचारतो, “आपण जिंकलो का हरलो?”

निकाल आम्ही सगळ्यांनी मिळून वाचला. त्यात ‘नेमणूक द्या’ असं कुठंच नव्हतं. ‘आठ आठवड्यांत विचार करून निर्णय कळवा’ एवढंच होतं. खात्याने उशिरा का होईना, निर्णय कळवला. तो अन्यायाचा आहे, पण अवमानाचं कोर्ट ते बघत नाही. हुकुमातला शब्द पाळला की मुद्दाम मोडला, एवढंच ते बघतं. राजस्थानातल्या ज्येष्ठता यादीच्या एका खटल्यात, जे. एस. परिहार यांच्या, सुप्रीम कोर्टाने 1996 साली हेच सांगितलं : हुकुमाप्रमाणे नवा निर्णय झाला आणि तो चुकीचा वाटला, तर त्याला वेगळं आव्हान द्यायचं. अवमानाच्या अर्जात तो तपासता येत नाही.

1971 च्या अवमान कायद्यात शिक्षा आहे सहा महिन्यांपर्यंत साधी कैद, किंवा दोन हजार रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. त्यातही साहेबाने माफी मागितली आणि ती कोर्टाला पटली, तर शिक्षा माफ होऊ शकते. समजा साहेबाला दंड झालाच, तरी त्या दंडातून आपल्या पोराच्या हातात नेमणुकीचा कागद येतो का?

मग अवमानाचा अर्ज करूच नये का? तसं आम्ही म्हणत नाही. हुकूम स्पष्ट असेल आणि खातं तो दाबून बसलं असेल, तर अर्ज जरूर करा, आणि एका वर्षाच्या आत करा. खातं म्हणेल, ‘आम्ही अपील केलंय.’ विचारा, स्थगिती मिळालीय का? नुसत्या अपिलाने हुकूम थांबत नाही.

पण खरं काम आधीचं आहे. यादीत नाव आलं म्हणजे नोकरीचा पक्का हक्क झाला असं नाही, हे सुप्रीम कोर्टाने 1991 च्या शंकरसन दास खटल्यात सांगितलंय. मात्र सरकारला मनमानी करून जागा रिकाम्या ठेवता येत नाहीत, हेही त्याच निकालात आहे. म्हणून पहिल्या अर्जातच वकिलाला सांगा : जागा किती होत्या, किती भरल्या, आपल्यामागच्या कुणाला घेतलं, हे सगळं लिहा. मागणी ‘विचार करा’ अशी नको, ‘नेमणूक द्या’ अशी करा. निकाल लागला की गूळ वाटण्याआधी शेवटचं पान वाचून घ्या. आणि नकाराचा कागद आला तर रडत बसू नका, लगेच त्या नकाराविरुद्ध नवा अर्ज करा.

जमिनीच्या लढ्यात आपण हेच शिकलो. 1974 च्या जमीन परत देण्याच्या कायद्याखाली हुकूम झाले, पण कितीतरी ठिकाणी ताबा कागदावरच राहिला. जिथं गाव मिळून बांधावर उभं राहिलं, तिथं नांगर चालला. नोकरीचंही तसंच. एकटा पोरगा साहेबाच्या दारात उभा राहिला तर शिपाई हाकलतो. पाच गावं गेली तर साहेब खुर्ची देतो.

त्या पोराला आम्ही सांगितलं : हरला नाहीस, अर्ध्या वाटेवर आहेस. नव्या अर्जाचा खर्च पाड्यांनी मिळून उचलायचं ठरलंय. तारखेला तो एकटा जाणार नाही.

जिंदाबाद!